टपालपेटीची दोन भोकं

“हे बघा, इथे दोन भोकं दिसतायत ना? इथेच मेझुझा, ज्यू लोकांच्या दाराला असते ती प्रार्थनेची डबी, ठोकलेला असणार,” असं तो मुलगा म्हणाला आणि आमच्या अकरा जणांच्या घोळक्यातले सात-आठ मोबाइल एकदम वर झाले. ती भोकं माझ्या वडिलांनी पाडलेली होती. १९७८ सालच्या मे महिन्यात, शेजारच्या सुताराकडून गिरमिट मागून आणून. पोस्टमन ओटीवर पत्रं भिरकावून जायचा आणि समोरच्यांच्या शेळीने विम्याची एक नोटीस खाल्ली, म्हणून अण्णांनी पत्र्याची लाल टपालपेटी करवून घेतली आणि दाराच्या चौकटीला डाव्या अंगाला बसवली. मी स्टूल धरून उभी होते. लाकडाचा भुसा माझ्या केसांत पडला होता. आणि आता, सत्तेचाळीस वर्षांनी, माझ्याच दारासमोर मी अकराशे रुपये की काहीतरी भरून आलेली पर्यटक म्हणून उभी होते, आणि तो मुलगा सांगत होता की हे कुटुंब इस्रायलला गेलं तेव्हापासून हे घर असं बंद आहे.

मी काही बोलले नाही.

तिकीट मुलीने काढलेलं. “आई, तुझ्या अलिबागची टूर आहे. ज्यू हेरिटेज. एका दिवसात सगळं दाखवतात, जेवण धरून.” पैसे भरून अलिबाग बघायचं ही कल्पनाच मला इतकी विनोदी वाटली की मी हो म्हटलं. शिवाय एक खरं कारण होतं. गेली सहा वर्षं मी त्या आळीत पाऊल टाकलेलं नाही. घराच्या वाटणीचा दावा चालू आहे. कुलूप चुलत भावाचं, किल्ली त्याच्या चेंढऱ्याच्या फ्लॅटमध्ये, आणि मी एकटी त्या ओटीसमोर उभी दिसले असते तर संध्याकाळपर्यंत वकिलाचा फोन आला असता. घोळक्यात कोण कोणाला ओळखतंय. डोक्यावर टोपी, डोळ्यांवर काळा चष्मा, गळ्यात टूरवाल्यांनी दिलेलं निळं कार्ड. माझ्याच गावात शिरायला याहून चांगलं सोंग मिळालं नसतं.

गेटवेहून सकाळची बोट. फेब्रुवारी होता, हवेला अजून थोडा गारवा होता. पाखरं बोटीच्या मागे लागलेली आणि लोक त्यांना वेफर्स भरवत होते. मांडव्याला उतरून टेम्पो ट्रॅव्हलरमध्ये बसलो, तेव्हा त्या मुलाने माइक हातात घेतला. बोरिवलीचा, पंचविशीतला, चष्मेवाला, हातात खुणा घातलेली वही. तयारी चांगली करून आलेला. सुरुवातीलाच त्याने विचारलं, “ग्रुपमध्ये इथलं कोणी आहे का? अलिबाग साइडचं?” मी खिडकीबाहेर बघायला लागले. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, कोणाच्या तरी फार्महाऊसची भिंत सरकत होती. पुण्याचे एक निवृत्त गृहस्थ म्हणाले, “आमची मुलगी सासवण्याला प्लॉट घेतेय.” सगळे हसले आणि विषय संपला. हात वर करायला किती वेळ लागतो? पण तेव्हा नाही केला, आणि मग पुढे दिवसभर तो खालीच राहिला.

पहिला थांबा नवगाव. रस्त्यावरून किनाऱ्याकडे आत गेलं की माडांच्या आणि सुरूंच्या मधून ती जागा येते. स्मारकाचा खांब आहे, आणि आजूबाजूला नुसते ठेवून दिल्यासारखे दगड. कबरी. बऱ्याचशांवर अक्षर नाही. समोर समुद्र, आणि पाण्यात खांदेरी. मुलगा गोष्ट सांगायला लागला : दोन हजार वर्षांपूर्वी गलबत फुटलं, सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या, बाकीच्यांची प्रेतं लाटांनी आणून टाकली, ती इथेच पुरली, पुरुष एका उंचवट्याखाली आणि बायका दुसऱ्या. पोथ्या बुडाल्या, भाषा हळूहळू गेली. शनिवार पाळायचा आणि ‘शेमा’ ही एवढी एक प्रार्थना म्हणायची, हे राहिलं. गोष्ट मला पाठ होती. पण माझ्या कानांत ती नेहमी एका म्हातारीच्या आवाजात होती आणि तीत ‘लाटांनी आणून टाकली’ असं नव्हतं, ती म्हणायची, “दर्यानं परत दिली.” मुलाचं काही चुकलं नव्हतं. फरक फक्त क्रियापदाचा होता.

तो ‘ज्यू कम्युनिटी’ म्हणत होता. बरोबरच आहे, दुसरं काय म्हणणार. पण मला तो शब्द सारखा खडा लागल्यासारखा लागत होता, कारण आमच्या आळीत तो शब्दच नव्हता. ‘यहुदी’ हा शब्द मी पहिल्यांदा इतिहासाच्या पुस्तकात वाचला आणि ही कोणी लांबची माणसं असणार असं समजले. आमच्याकडे होते ते ‘इस्रायल’ लोक, बेने इस्रायल. आणि आजीच्या तोंडी त्याहून जुना शब्द, ‘शनवार तेली’. तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी बैल जुंपायचे नाहीत म्हणून शनवार तेली. सोमवारी घाणा बंद ठेवणारे ते सोमवार तेली. म्हणजे शेकडो वर्षं अख्ख्या कुलाबा जिल्ह्याने यांचा धर्म कोणता याची चौकशी केली नाही. घाणा कधी बंद असतो, एवढंच लक्षात ठेवलं. मला हे फार मोठेपणाचं वाटतं असं नाही. कदाचित ते निव्वळ ग्राहकाचं शहाणपण असेल. तेल शुक्रवारी घेऊन ठेवायचं. बस.

आडनावांवर तो मुलगा खुलला. नवगावकर, पेणकर, रोहेकर, किहीमकर, तळकर, अष्टमकर. ज्या गावात राहिले ते गाव पाठीला. पुण्याच्या गृहस्थांना यातलं एकही माणूस ज्यू असेल असं कधी वाटलं नव्हतं. मुलाने नट डेव्हिडचं नाव काढलं, डेव्हिड अब्राहम चेऊलकर. चेऊल म्हणजे आपलं चौल, इथून खाली अर्ध्या-पाऊण तासावर. मग जुनी नावं : सॅम्युएलचा सामाजी, एझिकेलचा हसाजी, मोझेसचा मुसाजी, आयझॅकचा इसाजी. मुंबईतलं पहिलं सिनेगॉग १७९६ साली बांधणारे ते सामाजी हसाजी दिवेकर. टिपूच्या कैदेत सापडले होते. सुटून आलो तर देवाचं घर बांधीन, असा नवस होता. कोणत्याही कोकणी माणसाला हा नवस समजतो. आणि लोक त्या सिनेगॉगला ‘जुनी मशीद’ म्हणायचे, त्यावरून मशीद बंदर स्टेशनचं नाव पडलं असंही सांगतात. हे ऐकल्यावर आयटीतल्या दोन मुली एकमेकींकडे बघून “नो वे” म्हणाल्या. मलाही अठरा वर्षं मशीद बंदरवरून लोकलने गेल्यावर कधी तरी कळलं होतं, त्यामुळे मी हसू शकले नाही.

खंडाळ्याला मात्र सगळेच फसले. खंडाळा म्हटल्यावर घाट डोळ्यांसमोर येतो. हे अलिबागजवळचं सागाव-खंडाळा, शेतांच्या मधलं. तिथे कातळ आहे आणि त्यावर दोन चाकोऱ्या आणि घोड्याच्या टापांसारख्या खुणा. एलियाहू हनाबीचा टापा. प्रेषित एलियाहू इथून रथात बसून स्वर्गात गेला अशी श्रद्धा. थंडीत इथे त्याचा उरूस होतो. नुकताच होऊन गेला असावा, कारण कातळाच्या खाचांत गुलाबाच्या सुकलेल्या पाकळ्या अडकल्या होत्या. मला तिथला मलिदा आठवला. भिजवलेले पोहे, साखर, ओलं खोबरं, वेलची-जायफळ, वर सुका मेवा, भोवती पाच फळं आणि गुलाबाच्या पाकळ्या. आळीत कोणाचं लग्न ठरलं, मूल झालं, दुखणं उतरलं, नवस फिटला की मलिदा व्हायचा आणि वाटी आमच्याकडे यायची. त्यात गुलाबाची एखादी पाकळी यायचीच, आणि ती खायची की काढून टाकायची यावर माझी आणि माझ्या भावाची दर वेळी भांडणं. आमच्या मोठ्या काकांच्या मुलाकडे आज किल्ली आहे. काकू वाटी परत पाठवताना ती रिकामी पाठवत नसे. साखर तरी, नाहीतर चार आमसुलं.

पुण्याच्या गृहस्थांनी विचारलं, “पण हे खरं म्हणजे भूगर्भशास्त्रीय काही असेल ना?” मुलगा म्हणाला, असेल. मला तो त्या क्षणी आवडला.

जेवण आळीजवळच्याच एका घरी होतं. पन्नाशीच्या एक बाई स्वतः रांधून वाढतात. अलिबागला येऊन मासे खायचे तर पान भरलेलं पाहिजे, म्हणून सगळे सरसावून बसले. सुरमईचं नारळाच्या रसातलं कालवण, तळलेले तुकडे, भात, तांदळाची भाकरी, शेवटी सांदणं. आयटीतल्या एकीने विचारलं, “कोळंबी नाही?” बाई म्हणाल्या, “नाय गो, आमच्यात चालत नाय.” कोळंबी नाही, खेकडा नाही, तिसऱ्या नाहीत. ज्याला खवले आणि पर तोच मासा. मुलाने लगेच दुवा जोडला : डेव्हिड रहाबी नावाचा एक परका ज्यू कोकणात आला, तो कोणी हजार वर्षांपूर्वीचा म्हणतं, कोणी अठराव्या शतकातला. त्याला शंका आली की ही आपलीच माणसं असावीत. खात्री करायला त्याने बायकांकडे मिश्र मासे रांधायला दिले. त्यांनी खवल्यांचे तेवढे घेतले आणि बाकीचे बाजूला सारले. मग त्याने तिघांना शिकवून धर्माची वाट दाखवायला नेमलं. मला या गोष्टीत नेहमी त्या बायका दिसतात. कोणा अनोळखी माणसाने टोपली आणून ठेवली आहे, आपली परीक्षा चालली आहे हे त्यांना माहीत नाही, त्या नेहमीसारख्या पाटावर बसून मासे निवडतायत. इतक्या मोठ्या ओळखीचा निकाल, आणि तो लागला विळीवर.

माझी आई सारस्वत, मासे खाणारी. शेजारी देवाणघेवाण होती, पण मासे रांधून तिकडे पाठवताना ती आमच्या टोपात केलेलं कधी पाठवत नसे. सगळं कच्चं, पानात बांधून, आणि तेही खवल्यांचं. तिला कोणी सांगितलं होतं, कधी शिकली, देव जाणे. आम्हाला विचारावंसं वाटलं नाही. शेजारधर्माची ही कलमं कुठे लिहिलेली नसतात आणि माणसं गेली की कोणाला त्यांची गरजही उरत नाही.

सिनेगॉग दुपारी. मागेन आबोथ, १८४८ चं, १९१० साली नव्याने बांधलेलं. पुरुषांना डोक्यावर ठेवायला छोट्या गोल टोप्यांची टोपली दाराशी होती. पुण्याच्या गृहस्थांची टोपी दर दोन मिनिटांनी पडत होती. आत गार. लाकडी बाकं, छताला टांगलेले काचेचे दिवे, मधे कठडा घातलेला चौथरा जिथून प्रार्थना म्हणतात, आणि समोरच्या भिंतीत पडदा लावलेलं कपाट, ज्यात ‘सेफेर’, म्हणजे चामड्यावर हाताने लिहिलेल्या गुंडाळ्या असतात. एलियाहू हनाबीसाठी राखलेली खुर्ची एका बाजूला. दाराच्या चौकटीला मेझुझा, आत शिरताना उजव्या हाताला, खांद्याच्या उंचीवर. मुलाने तो नीट दाखवला : लहानशी डबी, आत चर्मपत्रावर शेमाच्या ओळी, आत-बाहेर करताना हात लावून बोटं ओठांना लावायची. “उजव्या हाताला,” असं तो स्वतःच म्हणाला होता. वीस मिनिटांनी विसरला.

ते कपाट पश्चिमेच्या भिंतीत असतं. जेरुसलेम पश्चिमेला, म्हणून. लहानपणी हे मला माहीत नव्हतं, पण आमच्या घरात एक कोडं होतं. आमचं देवघर पूर्वेला तोंड करून. पण माजघराच्या पश्चिमेच्या भिंतीत एक कोनाडा होता, नीट गिलावा केलेला, वर बारीक कमान, आणि त्यात आम्ही कंदील ठेवायचो. एवढी नक्षी कंदिलासाठी कोण करेल? आता त्या गार सभागृहात बसून मी मनातल्या मनात आमचं घर फिरवून बघत होते. कोनाड्याच्या भिंतीपलीकडे मागचं अंगण, विहीर, मग माडांची वाडी, मग समुद्र. म्हणजे ज्या समुद्रातून आलो असं सांगतात त्याच्याकडेच तोंड करून ते प्रार्थना करायचे. कोनाडा त्यासाठीच होता असं मी छातीठोक म्हणणार नाही. असेल नाहीतर नसेल. मुलासारखी मीही भोकं बघून गोष्ट रचायला लागले होते.

मग आळीतून चालत निघालो आणि तो आमच्या दारासमोर थांबला.

थांबण्यासारखंच घर आहे, हे मान्य करायला हवं. कौलारू, पुढे ओटी, लाकडी गजांच्या खिडक्या, सागवानी चौकट. कौलांवर गवत उगवलंय. ओटीच्या कठड्याचा एक तुकडा निखळून अंगणात पडलाय, तो मागच्या वेळी पडलेला नव्हता. दारावर चुलत भावाने लावलेलं भलंमोठं पितळी कुलूप. “बघा,” मुलगा म्हणाला, “अजूनही कुलूप तसंच आहे.” एकाने कुलपाचा क्लोजअप घेतला. ते कुलूप २०१९ सालचं आहे आणि ते लावलं त्या दिवशी मी आणि माझी वहिनी ओटीवर एकमेकींना जे बोललो ते इथे लिहिण्यासारखं नाही. आमच्या घरातल्या भांडणाला त्या मुलाने एका झटक्यात इतिहास करून टाकलं होतं. आणि खरं सांगू? एक क्षण मला बरं वाटलं. मावशीकडे दागिने किती गेले आणि विहिरीचा हिस्सा कोणाचा, यापेक्षा ‘ते लोक दूर देशी निघून गेले’ हे किती सुंदर कारण आहे घर बंद असण्याचं.

घर त्यांचं होतं, एवढं खरंच. आजोबा आधी मागच्या दोन खोल्यांचे भाडेकरू. १९४८ नंतर आळीतली माणसं एकेक करून निघायला लागली. १९५१ च्या जनगणनेत देशात साडेसव्वीस हजार ज्यू होते, त्यातले बहुतेक हेच, आपल्याकडचे मराठी बोलणारे. आज सगळे मिळून पाच हजारांच्या आसपास असतील-नसतील. २०१६ साली राज्य सरकारने त्यांना अल्पसंख्याक दर्जा दिला, तेव्हा मला पेपर वाचून हसू आलं होतं. संख्या अल्प व्हायला दर्जाची वाट बघावी लागली नव्हती. कोणी त्यांना हाकललं नाही. हे प्रत्येक जण अभिमानाने सांगतो आणि ते खरं आहे. पण म्हणूनच त्यांचं जाणं मला जास्त कळत नाही. आगीतून पळणारा माणूस समजतो. ज्याला कोणी जा म्हटलेलं नाही, ज्याची भाषा इथली, आडनाव इथलं, बायकोच्या हातात हिरवा चुडा आणि गळ्यात काळी पोत, तो तीन पेट्या बांधून एसटीत बसतो तेव्हा त्याच्या मनात नेमकं काय हललेलं असतं? आजी सांगायची, स्टँडवर सोडायला अख्खी आळी गेली होती आणि गाडी हलल्यावर त्यांच्यातली म्हातारी खिडकीतून ओरडली, “वाल सुकत घातलेत गच्चीवर, उचला!”

ते १९६२ साल. आजोबांनी घर विकत घेतलं. “त्यांनी सांगितला तो भाव दिला, मी घासाघीस केली नाही,” असं ते नेहमी सांगायचे. न विचारता सांगायचे. मेथीच्या जुडीवर दोन पैशांसाठी हुज्जत घालणारा माणूस हे वाक्य इतक्या वेळा का म्हणतो, असा प्रश्न मला ते गेल्यावर पडला.

त्यांच्या लोखंडी ट्रंकेत निळ्या एअरोग्राम होत्या. दिमोनाहून. वाळवंटातलं नवं गाव. मराठी अक्षर बारीक, मोडीचं वळण असलेलं. मी त्या मोठेपणी वाचल्या. विहिरीला पाणी किती आहे, रायवळ आंबा मोहरला का. तिथे वाल मिळत नाहीत. बिरड्याच्या रोज्याला मसुराला मोड आणून भागवलं. हा त्यांचा मोठा उपास, जेरुसलेमचं मंदिर पाडलं त्या दिवसाचा. जगभरचे ज्यू त्याला दुसरं नाव देतात, कोकणात तो बिरड्याचा रोजा, कारण उपास बिरड्याने. ज्या मंदिरासाठी अठराशे-एकोणीसशे वर्षं रडले त्या देशात जाऊन पोचले आणि तिथे बिरड्यासाठी वाल नाहीत. एका पत्रात लिहिलं होतं की लग्नाच्या वेळी इथले धर्मगुरू आमच्याबद्दल शंका काढतात, तुम्ही खरे की कसे ते सिद्ध करा म्हणतात. ते भांडण पुढे मोठं झालं. मोर्चे, उपोषणं झाली, आणि १९६४ साली तिथल्या संसदेने ठराव करून हे पूर्ण ज्यूच आहेत असं सांगितलं, तेव्हा मिटलं. त्या पत्राच्या समासात आजोबांनी पेन्सिलने हिशेब केला होता. वाल, दोन शेर, पार्सल खर्च. पाठवले की नाही ते कळायला मार्ग नाही. पुढची पत्रं कमी होत गेली आणि १९७० च्या आसपास थांबली. ती टपालपेटी अण्णांनी त्यानंतर आठ वर्षांनी बसवली. तिच्यात दिमोनाचं एकही पत्र आलं नाही.

खरा मेझुझा कुठे होता ते मला माहीत आहे. उजव्या बाजूला. तिथे आता ऑइलपेंटचे चार-पाच हात बसलेत आणि दिसत काहीच नाही. पण बोट फिरवलं तर वरच्या खिळ्याचं भोक लागतं. आमच्याकडे त्याला ‘उदबत्तीचं भोक’ म्हणायचे. दिवेलागणीला आई देवापुढची एक उदबत्ती आणून त्यात खोचायची, दारातून डास येऊ नयेत म्हणून आणि लक्ष्मी यावी म्हणून, दोन्ही कामं एका काडीत. ते भोक कशाचं हे आजीला नक्की माहीत असणार, कारण तिने त्या माणसांना जाता-येता तिथे हात लावताना वर्षानुवर्षं पाहिलेलं. तिने आईला तिथे उदबत्ती लावू दिली. की तिनेच सांगितलं? उंबरठ्यावर सकाळची राख पडलेली असायची, ती मी झाडूने काढायची.

बाकीचे शहाळ्याच्या गाडीकडे गेले तेव्हा मी मागे रेंगाळले. ओटीच्या दोन पायऱ्या चढले. कुलपाला हात लावला नाही, कायद्याने लावायचा नाही. उजव्या बाजूला खांद्याच्या उंचीवर बोट फिरवलं. भोक सापडायला वेळ लागला, कारण मला ते डोक्याच्या वर आठवत होतं. समोरच्या घरातून एका बाईने विचारलं, “कोन पायजे?” शेळीवाल्यांची सून असावी. मी म्हटलं, “काही नाही, टूरवाले आहोत.” ती आत गेली.

रेवदंडा घाईत झालं. उन्हं कलली होती आणि शेवटची बोट गाठायची होती. तिथलं बेथ एल १८४२ चं, पोर्तुगीजांच्या कोटाच्या गावात. बाहेर पडलेल्या तटावर वडाच्या मुळ्या. मुलगा दमला होता आणि वहीत न बघता बोलत होता, त्यामुळे उलट चांगलं बोलत होता. आंग्र्यांच्या आरमारातल्या चुरीकरांबद्दल त्याने सांगितलं, ते मला माहीत नव्हतं. बेने इस्रायल माणूस आंग्र्यांच्या गलबतावर, ही गोष्ट अलिबागेत जन्म काढून मी बोरिवलीच्या मुलाकडून ऐकली. तेव्हा त्याच्या दोन चुका आणि माझं सगळं अज्ञान असं समोरासमोर ठेवलं तर मी फार ताठ मानेने बोलावं अशी परिस्थिती नव्हती.

बोटीत तो माझ्या शेजारच्या बाकावर येऊन बसला, पाय लांब करून. “मॅडम, तुम्ही दिवसभर काही विचारलं नाहीत. बोअर झालं का?” मी म्हटलं, नाही रे, छान सांगतोस. कुलाबा किल्ल्यापाशी लहानपणी ओहोटीला चालत जायचो, हे जिभेवर आलं होतं. त्याऐवजी मी त्याला आलेपाकाची वडी दिली.

पण ती डावी बाजू मला झोपू देईना. पुढच्या रविवारी तो पुन्हा बारा माणसं घेऊन त्या दारासमोर उभा राहणार, अण्णांच्या स्क्रूच्या भोकांचे फोटो निघणार, ते इंटरनेटवर जाणार, आणि दहा वर्षांनी कोणी संशोधक त्याखाली तारीख घालणार. बरं, दुरुस्त करायचं तर सगळं उलगडावं लागणार. डावं-उजवं सांगितलं की तुम्हाला कसं माहीत हा प्रश्न. त्यामागे घर कोणाचं. मग कुलूप कोणाचं. मग आजोबा, मग भाव. एक दोरा ओढायचा आणि सगळं स्वेटर हातात. तीन दिवस गेले. बुधवारी रात्री मी त्याच्या नंबरवर लिहिलं : “आळीतल्या त्या बंद घराची भोकं टपालपेटीची आहेत. मेझुझा आत शिरताना उजव्या हाताला असतो, तूच सांगितलंस. तिथे रंगाखाली एक भोक आहे, बोट लावलं तर कळतं.”

दोन मिनिटांत उत्तर आलं. “ओह! थँक्यू सो मच मॅडम, नेक्स्ट टाइम करेक्ट करतो.” मग थोडा वेळ ‘टायपिंग’ दिसत राहिलं, थांबलं, पुन्हा दिसलं.

“तुम्ही तिथल्या का?”

निळ्या खुणा त्याला दिसल्या असतील. आज शुक्रवार आहे.